ब्रिटनचा पहिला सरकारी ॲक्च्युअरी कोण : वॉटसन की फिनलेसन?

ब्रिटिश सरकारचे पहिले ॲक्च्युअरी, म्हणजे विमा आणि निवृत्तिवेतन यांसारख्या देण्यांचे गणित मांडणारे तज्ज्ञ, सर आल्फ्रेड वॉटसन की जॉन फिनलेसन, आणि त्यांनी नेमके काय केले, असे आपण विचारले आहे. केवळ पदनाम पाहिले तर उत्तर वॉटसन असे येते. १९११ च्या राष्ट्रीय विमा कायद्यानंतर ते आरोग्य विम्याच्या कामासाठी मुख्य ॲक्च्युअरी झाले, १९१७ मध्ये सरकारी ॲक्च्युअरी म्हणून त्यांची नेमणूक झाली आणि १९१९ मध्ये त्यांच्या हाताखाली स्वतंत्र खाते उभे राहिले. हे काम मात्र त्याआधी जवळजवळ शंभर वर्षे लंडनच्या राष्ट्रीय कर्ज कार्यालयात होत होते आणि त्याचा पाया फिनलेसन यांनी घातला होता. त्यामुळे माझ्या मते खरा मान त्यांचाच आहे.

फिनलेसन यांचा जन्म १७८३ मध्ये स्कॉटलंडच्या अगदी उत्तर टोकाच्या थर्सो गावी झाला. १८०५ मध्ये ते नौदल खात्यात कारकून म्हणून लागले. तेथील पत्रव्यवहाराचे ढीग त्यांनी विषयवार सूचीत बसवले, त्यामुळे हवा तो जुना कागद चटकन हाती येऊ लागला. पुढे दप्तराची सारी व्यवस्था त्यांच्याकडेच आली. त्यांच्या चरित्रलेखनात या वर्षांचा उल्लेख ओझरता होतो, आणि ते मला पटत नाही. सरकारी दप्तरात काय दडलेले असते आणि ते कसे बाहेर काढायचे, हे ज्याला ठाऊक होते, त्यालाच पुढचे काम जमले.

ते काम आयुष्यभराच्या वार्षिकींचे होते. १८०८ पासून सरकार लोकांकडून तीन टक्क्यांचे कर्जरोखे घेई आणि त्यांच्या बदल्यात तहहयात ठरावीक रक्कम देई. ही रक्कम, कोणत्या वयाला किती माणसे मरतात हे दाखवणाऱ्या ‘नॉर्दॅम्प्टन तक्त्या’वरून ठरत असे. रिचर्ड प्राइस यांनी अठराव्या शतकात नॉर्दॅम्प्टनमधील एका पॅरिशच्या (एका चर्चच्या हद्दीतील वस्तीच्या) दफननोंदींवरून तो तयार केला होता. तेथील बाप्तिस्म्याच्या नोंदींत बरीच मुले येतच नसत. त्यामुळे जन्म कमी भासत आणि लोक प्रत्यक्षापेक्षा लवकर मरतात असे चित्र उभे राही. आयुर्विमा कंपनीला ही चूक फायद्याची होती, कारण मृत्यू जवळचा मानला की हप्ता चढा लावता येतो. वार्षिकी देणाऱ्याचे गणित याच्या बरोबर उलटे असते. माणूस लवकर जाईल असे धरून सरकारने उदार दर लावले, माणसे जगत राहिली, आणि देणे वर्षानुवर्षे खजिन्यातून जात राहिले. शिवाय वार्षिकी घेणारे बहुधा स्वतःच्या प्रकृतीची खात्री असलेलेच असत.

फिनलेसन यांनी १८१९ मध्ये अर्थमंत्री निकोलस व्हॅन्सिटार्ट यांना कळवले की अकरा वर्षांत सरकारचे सुमारे वीस लाख पौंड बुडाले आहेत. १ जानेवारी १८२२ रोजी त्यांना राष्ट्रीय कर्ज कार्यालयात ॲक्च्युअरी नेमण्यात आले. तेथे त्यांनी नवा तक्ता रचण्यासाठी कोणत्याही गावाच्या दफननोंदी धुंडाळल्या नाहीत. ते सरकारच्याच वह्यांकडे वळले. १६९३ पासून ब्रिटिश सरकारने टॉन्टाइन योजनांतून, म्हणजे मरण पावलेल्यांचा वाटा हयात सभासदांना मिळणाऱ्या सामूहिक योजनांतून, कर्ज उभारले होते. त्यांत ज्याच्या जिवावर पैसे मिळायचे, त्याचे नाव, वय आणि मृत्यूची तारीख नोंदवावीच लागे. नाहीतर मेलेल्याच्या नावाने पैसे उचलले गेले असते. म्हणजे पैशाच्या रक्षणासाठी ठेवलेल्या या नोंदींतून माणसे किती वर्षे जगतात याची विश्वसनीय माहिती आपोआप साठली होती. १८२९ च्या त्यांच्या अहवालात स्त्रिया आणि पुरुष यांचे तक्ते वेगळे दिलेले आहेत. स्त्रिया अधिक जगतात हे त्यांतून आकड्यांनी दिसले आणि त्याच वर्षी वार्षिकींचे दरही बदलण्यात आले.

नवे दरही निर्दोष नव्हते. फार वृद्ध माणसांसाठी ते इतके उदार ठरले की सट्टेबाज धडधाकट म्हातारे शोधून त्यांच्या जिवावर वार्षिकी घेऊ लागले. सरासरी बरोबर असली तरी निवड खरेदीदाराच्या हाती असेल तर तोटा टळत नाही, हा धडा सरकारला येथे मिळाला. विमा व्यवसाय आजही याच प्रश्नाशी झुंजतो.

पुढे जन्म-मृत्यू नोंदणीच्या कायद्याबाबतही त्यांचा सल्ला घेण्यात आला. १८४८ मध्ये लंडनला इन्स्टिट्यूट ऑफ ॲक्च्युअरीज स्थापन झाली, तेव्हा तिचे पहिले अध्यक्षपद त्यांच्याकडे आले आणि १८६० मध्ये मृत्यू होईपर्यंत ते त्यांच्याकडेच राहिले. सरकारी नोकरीतून ते १८५१ मध्ये निवृत्त झाले. त्या जागी त्यांचा मुलगा अलेक्झांडर ग्लेन फिनलेसन आला.

आपण ॲक्च्युअरीच्या परीक्षांची तयारी करत असाल, तर वॉटसन यांच्या काळाकडे वळण्याआधी १८२९ चा अहवाल जरूर पाहावा, आणि तोही केवळ तक्त्यांसाठी नव्हे. कोणत्या नोंदी विश्वासार्ह मानल्या आणि का, याची चर्चा त्यात आधी वाचावी.