वाचक विचारतात : चरित्र अभिनेत्रीचं काम

प्रश्न : वय ४७. राज्य नाट्य स्पर्धेत बरीच वर्षं कामं केली. आता सिनेमात आई, मावशी, सासू अशा भूमिका कराव्यात असं वाटतं. ऑडिशनचे व्हिडिओ पाठवते, पण पुढे काहीच होत नाही. काय चुकत असेल? — एक वाचक, परभणी

उत्तर : रंगमंचावरच्या बायकांचे व्हिडिओ बहुतेकदा आवाजामुळे मागे पडतात. तुम्हाला शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची सवय. मोबाइल मात्र दोन हातांवर असतो. आवाज फाटतो आणि त्या आवाजाच्या मापानं भुवया, मानही हलायला लागतात. समोर बसलेल्या जावेशी बोलावं तेवढंच बोला.

फोन आडवा, डोळ्यांच्या उंचीवर, छातीपासून वरची चौकट. खिडकी समोर हवी. पाठीमागे असली की चेहरा काळा येतो. पंखा बंद. समोरच्या पात्राची वाक्यं वाचणाऱ्याला फोनला लागून बसवा, म्हणजे तुमची नजर लेन्सच्या शेजारी राहते. पण त्याला हळू वाचायला सांगा, कारण माईक त्याच्या तोंडाशी असतो. नाव, वय, उंची, गाव आणि येणाऱ्या भाषा मात्र लेन्समध्ये बघून सांगा.

केस पिकले असतील तर रंगवू नका. सेटवर पांढरे केस काळे करणं सोपं. काळे पांढरे केले की क्लोजअपमध्ये रंग उघडा पडतो. आणि बोली झाकू नका. एक व्हिडिओ प्रमाण मराठीत, दुसरा घरच्या बोलीत पाठवा. ‘काय करायलास?’ हे तुमच्या तोंडी जसं सहज येतं, तसं बाहेरच्या नटीला महिनाभर शिकवूनही येईलच असं नाही.

प्रश्न : दोन दिवसांचं काम मिळालं. चुलीपुढं भाकऱ्या थापत मुलाशी बोलायचं होतं. सारखी ‘कंटिन्युइटी गेली’ अशी हाक यायची. — एक वाचक, औसा

उत्तर : हा सीन दिसतो त्यापेक्षा फार अवघड आहे. आधी सगळं दृश्य लांबून घेतात, मग तेच तुमच्या आणि मुलाच्या क्लोजअपमध्ये. लांबच्या शॉटमध्ये ‘बाळा’ म्हणताना भाकरी तव्यावर टाकली असेल, तर प्रत्येक वेळी त्याच शब्दाला, त्याच हातानं टाकावी लागते. नाहीतर संकलनात तुकडे जुळत नाहीत. ‘कंटिन्युइटी गेली’ म्हणतात ते हेच. पदर, कुंकू, बांगड्या यांचे फोटो सहायक काढून ठेवतात. हाताची वेळ तुम्हालाच सांभाळायची. संवादाच्या कागदावर त्या शब्दाशेजारी पेन्सिलीनं खूण करा. पहिल्या शॉटमध्ये हातांना कमी कामं द्या, कारण जे कराल ते आठ-दहा वेळा करावं लागेल.

भाकरीचंही गणित आहे. प्रत्येक टेकला नवा उंडा लागतो, म्हणून पंधरा-वीस भाकऱ्यांचं पीठ मागून घ्या. ज्वारीचं मळलेलं पीठ दिव्यांखाली लवकर सुकतं, कडा चिरतात. कोमट पाणी हाताशी ठेवा आणि थोडं थोडंच मळा. थापण्याचा आवाज शब्दांवर चढतो, म्हणून दोन वाक्यांच्या मधल्या जागेत थापा.

प्रश्न : ललिता पवार डोळ्याच्या दुखापतीमुळे खाष्ट सासूच्या भूमिकांत अडकल्या, हे खरं का? — एक वाचक, अंबाजोगाई

उत्तर : निम्मं खरं. १९४२ मध्ये चित्रीकरणात सहकलाकाराची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला पक्षाघात झाला, डावा डोळा कायमचा बारीक झाला आणि नायिकेची कामं संपली. सासूच्या भूमिका त्यानंतर गाजल्या, ‘रामायण’ मालिकेतली मंथराही. पण ‘श्री ४२०’मधली (१९५५) केळी विकणारी मायाळू गंगामाई त्याच चेहऱ्याची आहे. ‘अनाडी’मधल्या (१९५९) मिसेस डिसा बघा : वरून करडी, आतून आई. त्या भूमिकेला फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. त्यांना फक्त खाष्ट म्हणणं अन्यायाचं आहे.

प्रश्न : कास्टिंगवाले ‘नोंदणी’चे पैसे मागतात. द्यावेत का? — एक वाचक, नांदेड

उत्तर : एक रुपयाही नको. काम देणारा पैसे देतो, घेत नाही. होकार देण्याआधी दिवसाचं मानधन, शिफ्टचे तास, येण्याजाण्याचा आणि राहण्याचा खर्च, पैसे कधी मिळणार, हे सगळं मेसेजवर लिहून घ्या. मालिकांचे पैसे बहुधा ९० दिवसांनी येतात. तोवरचं घरखर्चाचं बघूनच तारखा द्या.