करवंदांचा कॉब्लर : वाचकांच्या शंका

मे महिन्याच्या अंकात आम्ही या सदरात जांभळाच्या कॉब्लरची कृती दिली आणि ‘करवंदांचाही असाच करता येतो’ असे शेवटच्या ओळीत लिहून मोकळे झालो. ती एक ओळ आम्हाला महागात पडली. आलेल्या पत्रांपैकी निम्म्याहून अधिक पत्रे करवंदांविषयीच आहेत आणि त्यांतील तक्रारी रास्त आहेत, कारण करवंद आणि जांभूळ ही दोन्ही फळे एकाच सुमारास बाजारात आली, तरी भांड्यात शिजताना त्यांची वागणूक अगदी वेगळी असते.

तो अंक हाताशी नसलेल्यांसाठी मूळ कृती थोडक्यात अशी. कॉब्लर हा अमेरिकेतील घरगुती गोड पदार्थ असून तळाशी साखर घालून शिजणारे फळ आणि वर चमच्याने सोडलेले मऊ पिठाचे गोळे, एवढाच त्याचा थाट. सहा माणसांसाठी साधारण ७५० ग्रॅम जांभळांचा बियांविरहित ५०० ग्रॅम गर, १०० ग्रॅम साखर, दोन मोठे चमचे कॉर्नफ्लॉवर आणि चिमूटभर मीठ घ्यावे. वरच्या थरासाठी १५० ग्रॅम मैदा, तीन मोठे चमचे साखर, दीड लहान चमचा बेकिंग पावडर, पाव लहान चमचा मीठ, ६० ग्रॅम थंड लोणी आणि सुमारे १०० मिलिलिटर दूध लागते. ओव्हन १९० अंश सेल्सिअसवर तापवून ३५ ते ४० मिनिटे भाजावे. यात अंडे लागत नाही. तशी विचारणा करणाऱ्या चार वाचकांना हेच उत्तर समजावे.

प्रश्न : वरचा थर सुरेख तांबूस झाला, म्हणून कॉब्लर बाहेर काढला; पण वाढताना गोळ्यांची खालची बाजू कच्ची, चिकट निघाली आणि फळाचा रस ताटभर पसरला. भाजण्याची वेळ कमी पडली का? (चिपळूण)

वेळ थोडी कमी पडली असेल. परंतु खरे कारण असे, की आपण थंड फळावर पीठ घातले. ओव्हनची आच गोळ्यांच्या माथ्यावर लगेच पोहोचते, तर खालच्या थंड, रसाळ फळाला तापायलाच वीस-पंचवीस मिनिटे लागतात आणि तेवढा वेळ गोळ्यांचे बूड कोमट रसात नुसते भिजत राहते. म्हणून फळ, साखर आणि कॉर्नफ्लॉवर एकत्र करून आधी गॅसवर उकळी येईपर्यंत ढवळावे, ते कढत असतानाच भाजण्याच्या भांड्यात ओतावे आणि पिठाचे गोळे त्याच क्षणी वर सोडून भांडे ओव्हनमध्ये सरकवावे. अशाने गोळे खालून वाफेवर आणि वरून आचेवर, असे दोन्हीकडून शिजतात. पीठ मात्र फळ गॅसवर असतानाच तयार हवे.

रस पातळ राहण्याचे कारणही यातच दडलेले आहे. कॉर्नफ्लॉवर चांगले तापल्याखेरीज रस धरत नाही, त्यामुळे केवळ कडेला बुडबुडे दिसले म्हणून समाधान मानू नये. भांड्याच्या मध्यभागी, दोन गोळ्यांच्या फटीतून, दाट आणि संथ बुडबुडे फुटताना दिसले पाहिजेत. मधला एखादा गोळा सुरीच्या टोकाने किंचित उचलून पाहावा. त्याचे बूड रसाने रंगलेले असले तरी आतून पावासारखे जाळीदार दिसले, म्हणजे झाले. त्यानंतर निदान अर्धा तास भांड्याला हात लावू नये, कारण रस निवतानाच घट्ट होतो. घरातली मंडळी वाट्या घेऊन उभी असताना हे कठीण जाते, याची आम्हाला कल्पना आहे.

प्रश्न : गोळे जास्त फुलावेत म्हणून बेकिंग पावडरीसोबत एक चमचा खाण्याचा सोडा घातला. जांभळाचा रस जिथे लागला, तिथे गोळ्यांवर हिरवट-निळी कडा आली. घरात कोणी खायला धजेना. फळ खराब होते का? (देवगड)

फळ उत्तम होते. जांभळाचा जांभळा रंग ज्या द्रव्यांमुळे येतो, ती आंबट पदार्थात लालसर दिसतात आणि सोड्यासारख्या क्षारात निळी-हिरवी होतात. शंका असल्यास चमचाभर जांभळाच्या रसात चिमूटभर सोडा टाकून पाहावा. मुलांना दाखवण्याजोगी गंमत आहे. तो हिरवा रंग अपायकारक नसला, तरी एक चमचा सोड्याने येणारी साबणासारखी चव कोणालाही आवडणार नाही. दुधाऐवजी आंबट ताक वापरले, तरच पाव लहान चमचा सोडा घालावा. एरवी बेकिंग पावडर पुरेशी आहे. आपल्या किनारपट्टीच्या दमट हवेत ही पावडर लवकर निकामी होते, म्हणून गोळे फुलले नाहीत तर तिचे प्रमाण वाढवण्याआधी तिची परीक्षा घ्यावी. अर्धी वाटी गरम पाण्यात एक लहान चमचा पावडर टाकल्यावर जोराने फसफसली नाही, तर तो डबा सरळ टाकून द्यावा.

प्रश्न : आपल्या सांगण्यावरून जांभळांऐवजी करवंदे घातली. दर घासाला बिया दाताखाली आल्या, ओठ चिकट झाले आणि आंबटपणाने डोळे मिटले. नेमके काय चुकले? (दापोली)

आपले नव्हे, आमचे चुकले. करवंदासाठी वेगळी कृती द्यायला हवी होती, ती आता देतो.

पहिली गोष्ट निवडीची. जाळीवरून काढलेली किंवा बाजारात पानांच्या द्रोणात मिळणारी करवंदे एकसारखी पिकलेली नसतात. पूर्ण काळी आणि दाबल्यावर मऊ लागणारी तेवढीच कॉब्लरसाठी बाजूला काढावीत. लालसर, कडक राहिलेली लोणच्याला द्यावीत. चीक प्रामुख्याने कमी पिकलेल्या फळात असतो आणि आपल्या ओठांना त्यानेच त्रास दिला. देठ काढून करवंदे मिठाच्या पाण्यात अर्धा तास ठेवावीत आणि दोनदा स्वच्छ धुवावीत. चिरायला बसताना, फणस फोडताना लावतो तसे, बोटांना खोबरेल तेल लावावे.

दुसरी गोष्ट बियांची. पाऊण किलो करवंदांपैकी दोन तृतीयांश करवंदे अर्धी वाटी पाण्यात झाकण ठेवून आठ-दहा मिनिटे शिजवावीत आणि स्टीलच्या गाळणीतून पळीच्या पाठीने रगडून गाळावीत. साले आणि चपट्या बिया वर राहतात व खाली दाट, जवळजवळ काळपट लाल गर उतरतो. उरलेली करवंदे दोन भाग करून, सुरीच्या टोकाने बिया काढून, त्या गरात घालावीत. सगळीच गाळली तर कॉब्लरऐवजी जॅमवर पाव ठेवल्यासारखे लागते, आणि सगळ्यांच्या बिया हाताने काढायच्या तर दुपार जाते.

तिसरी गोष्ट साखरेची आणि दाटपणाची. जांभळाला १०० ग्रॅम साखर पुरते, करवंदाला १५० ग्रॅम लागते आणि त्यातील तिसरा हिस्सा चिरलेला गूळ घातला, तर आंबटपणा गोलाईने उतरतो. उलट कॉर्नफ्लॉवर इथे निम्मे, म्हणजे एकच मोठा चमचा घ्यावे, कारण करवंदात पेक्टिन, म्हणजे रस घट्ट करणारे द्रव्य, भरपूर असते. याच गुणामुळे करवंदाची जेली चांगली धरते. दोन चमचे घातल्यास दुसऱ्या दिवशी कॉब्लर सुरीने वड्या पाडण्याइतका घट्ट होईल. पीठ घालण्यापूर्वी गर चाखून पाहावा आणि तो खाताना जितका गोड आवडेल त्याहून किंचित अधिक गोड ठेवावा, कारण वरचे गोळे फारसे गोड नसतात.

प्रश्न : परदेशात कॉब्लर बिडाच्या तव्यात भाजतात, असे भाचीने सांगितले. आमच्याकडे आजीची बिडाची कढई आहे. तीत करावा का? (मालवण)

पीच फळाचा करणार असाल, तर खुशाल करावा. जांभळाचा करू नये, आणि हे आम्ही अनुभवाने सांगतो. सासूबाईंची कढई मोठ्या हौसेने काढून आम्ही तीत जांभळाचा गर शिजवला. दहा मिनिटांत त्याची शाई झाली आणि चव तोंडात नाणे ठेवल्यासारखी लागू लागली. जांभळाच्या तुरटपणाला कारण असलेली टॅनिन द्रव्ये लोखंडाशी मिळून काळा रंग तयार करतात. पूर्वीच्या काळी लिहिण्याची शाई याच तत्त्वावर बनवली जात असे. लोखंडी पात्याच्या विळीवर जांभळे कापली तरी पाते काळे पडते, ते यामुळेच. आंबट करवंदांना ॲल्युमिनियमचे भांडेही चालत नाही. काच, चिनी माती किंवा स्टील वापरावे.

याच पत्रात जांभळाने घसा धरतो, असेही लिहिले आहे. त्यासाठी फळ पूर्ण पिकलेले असावे, गर काढताना बी खरवडू नये आणि कॉब्लर साय किंवा आइस्क्रीमसोबत खावा. दुधातील प्रथिने टॅनिनला बांधून घेतात, त्यामुळे तुरटपणा खरोखरच कमी जाणवतो.

प्रश्न : आमच्याकडे ओव्हन नाही, आणि असता तरी पावसाच्या तोंडावर विजेचा भरवसा नाही. (गुहागर)

आपल्या भागात धोंडस पूर्वापार होत आले आहे आणि ते काही ओव्हनमध्ये होत नसे. तवशाचा (मोठ्या काकडीचा) कीस, तांदळाचा रवा आणि गूळ यांचे मिश्रण जाड बुडाच्या पातेल्यात घालून, खाली मंद विस्तव आणि झाकणावर निखारे ठेवून भाजत. वरून आणि खालून अशी बेताची आच देण्याची ती युक्ती कॉब्लरलाही तंतोतंत लागू पडते. चूल असेल तर तसेच करावे. गॅसवर करायचे असल्यास जाड बुडाच्या मोठ्या पातेल्यात बोटभर मीठ किंवा वाळू पसरून त्यावर तिवई ठेवावी, झाकून मध्यम आचेवर दहा मिनिटे तापवावे आणि मग कॉब्लरचे भांडे आत ठेवून मंद आचेवर पाऊण तास द्यावा. गोळे शिजतील, पण पांढरे राहतील, कारण वरून आच नाही. त्यावर उपाय म्हणून साखर भुरभुरून, कडकडीत तापवलेला लोखंडी तवा गोळ्यांच्या अगदी जवळ दोन-तीन मिनिटे धरावा. ओव्हनचा रंग येणार नाही; तांबूस ठिपके येतील आणि तेवढे पुरे.

प्रश्न : मैद्याऐवजी काय घालता येईल? आणि मे महिन्यात थंड लोणी थंड राहतच नाही. (अलिबाग)

अर्धा मैदा आणि अर्धी कणीक हे मिश्रण चांगले होते, मात्र दूध दोन चमचे अधिक लागते. फक्त तांदळाच्या पिठाचे गोळे रसात विरघळतात, म्हणून ते चौथ्या हिश्श्यापुढे नेऊ नये. लोण्याची वडी तासभर फ्रीजरमध्ये ठेवून किसणीवर थेट पिठात किसावी आणि हाताने न चोळता काट्याने मिसळावी. दुधाच्या जागी नारळाचे दाट दूध घातले, तर करवंदांशी त्याची जोडी अशी जमते, की आमच्या घरी आता गाईचे दूध कोणी मागत नाही.

प्रश्न : जांभूळ मधुमेहाला चांगले, मग मधुमेहींनी हा कॉब्लर खायला हरकत नसावी? (वेंगुर्ले)

हरकत आहे. या भांड्यात १०० ग्रॅमहून अधिक साखर आणि १५० ग्रॅम मैदा आहे. त्यात जांभूळ आहे म्हणून ती साखर नाहीशी होत नाही. चव घ्यायचीच असेल, तर किती घ्यावी हे आपल्या डॉक्टरांना विचारावे.

प्रश्न : गणपतीला मुंबईहून मंडळी येतात, तोपर्यंत करवंदे-जांभळे संपलेली असतात. फळ टिकवता येईल का? (राजापूर)

येईल, मात्र फळ पाऊस सुरू होण्यापूर्वी घ्यावे; पावसात भिजलेली करवंदे पाणचट लागतात. जांभळाचा गर साखर मिसळून डब्यात गोठवावा. करवंदांच्या बिया काढलेल्या फोडी ताटात एकेक सुट्या पसरून आधी कडक गोठवाव्यात आणि मगच डब्यात भराव्यात. वापरताना वितळण्याची वाट न पाहता थेट गॅसवर चढवाव्यात आणि गोठवलेले फळ पाणी अधिक सोडते म्हणून कॉर्नफ्लॉवर अर्धा चमचा वाढवावे. जून ते ऑगस्टमध्ये तासन्‌तास वीज गेली, तर फ्रीजर उघडून करवंदांचा डबा हलवून पाहावा. फोडी खुळखुळल्या तर फळ सुरक्षित आहे. बर्फाचा एकसंध गोळा झाला असेल, तर फळ मध्यंतरी वितळून पुन्हा गोठले आहे, असे समजून ते टाकून द्यावे.