तिसऱ्या अंत्यविधीनंतर थांब
तुझ्या शॉर्टफिल्मची संहिता वाचली. आठ पानांची, म्हणजे फिल्म साधारण आठ मिनिटांची. ती सहावर आण. मे महिन्यात कंटाळलेली दोन पोरं मेलेल्या झुरळांचे अंत्यविधी करतात, ही कल्पना झकास आहे. पण चौथ्या अंत्यविधीला कुणी हसत नाही. तीन पुरे: पहिला साधा, दुसऱ्याला शोकसभेची पत्रिका, तिसऱ्यात पोरं आजोबांचं माप घेतात.

पोरांना विनोदी अभिनय करू देऊ नकोस. बोर्डाचा पेपर सोडवावा तशी ती तिरडी बांधू देत. मापाच्या शॉटला कॅमेरा ट्रायपॉडवर, वाइड, हलवायचा नाही. टेप डोक्यापासून टाचेपर्यंत सरकतो, आजोबा पेपर वाचता वाचता स्वतःच पाय लांब करतात. इथे क्लोजअप घेतलास की विनोद मेला. पार्श्वसंगीतही नको, पंख्याची कुरकुर पुरे. संवादांच्या वेळी मात्र पंखा बंद; कुरकुर नंतर मिनिटभर सलग वेगळी रेकॉर्ड कर, नाहीतर प्रत्येक कटवर आवाज तुटतो.

ट्यूबलाइटखाली सेकंदाला 24 फ्रेम घेताना कॅमेऱ्याचा शटर स्पीड 1/50 सेकंद ठेव. आपली वीज 50 हर्ट्‌झची, 1/60 वर चित्र लुकलुकू शकतं.

झुरळं प्लास्टिकची आण. खऱ्यांचे पाय दुसऱ्या टेकला गळतात.