बेट्टाला अँटिबायोटिक देण्याआधी

भाऊ, बेट्टा माशाचे पंख कुरतडल्यासारखे दिसले म्हणून लगेच कॅप्सूल फोडून टाकीत टाकू नका. आधी रोज पाव टाकी पाणी बदला. क्लोरीन काढलेलं, 26 अंशांच्या आसपासचं. सुरुवातीचा फिन रॉट, म्हणजे पंख सडण्याचा रोग, बहुतेकदा एवढ्यानंच थांबतो.

सडणं अंगापर्यंत पोचलं, मासा खाईना, तरच औषध. तेही जनावरांच्या डॉक्टरांना विचारून, वेगळ्या भांड्यात. नाहीतर फिल्टरमधले उपयोगी जिवाणूही मरतात. आणि आपल्या लातूर-बीडकडचं बोअरचं पाणी जड! त्यातलं कॅल्शियम टेट्रासायक्लिन या अँटिबायोटिकला धरून ठेवतं, औषधाचा जोरच उतरतो. माझा निळा बेट्टा असाच गेला, अजून जिवाला लागतं. म्हणून कोणतं पाणी वापरता ते डॉक्टरांना आधी सांगा. मासा तरतरीत दिसला तरी कोर्स अर्धवट सोडू नका.