उतरताना पाय कुठे चुकतो? जिन्याबद्दल वाचकांचे प्रश्न

जिन्यावरून कुणी पडलं की घरात पहिला प्रश्न ठरलेला असतो, ‘लक्ष कुठं होतं?’ पडणाऱ्यालाही तसंच वाटतं, म्हणून दुखणं अंगावर काढलं जातं आणि जिना आहे तसाच राहतो. आधी जिना तपासावा, मग माणसाला बोलावं, असं आमचं मत आहे. या महिन्याची उत्तरं अस्थिरोगतज्ज्ञ आणि वास्तुविशारद यांनी मिळून दिली आहेत.

नव्या बंगल्याचा जिना आहे. ग्रॅनाइट, स्टीलचं रेलिंग, भरपूर उजेड. तरी सहा महिन्यांत घरातली तीन माणसं उतरताना शेवटच्या पायरीवर अडखळली. सासूबाईंचा घोटा मुरगळला. मिस्त्री म्हणतात, ‘जिना बरोबर आहे, सवय होईल.’ – बारामती

सवय होणार नाही. टेप आणि स्पिरिट लेव्हल घ्या आणि एकेक पायरी मोजा. एका पायरीच्या माथ्यापासून पुढच्या पायरीच्या माथ्यापर्यंतचं उभं अंतर मोजायचं आणि खालपासून वरपर्यंत सगळे आकडे ओळीने कागदावर लिहायचे. मधल्या पायऱ्या सारख्या, सगळ्यात खालची बुटकी आणि सगळ्यात वरची उंच, असं निघण्याची शक्यता फार मोठी आहे.

हे कसं होतं ते सांगतो. जिन्याचा स्लॅब भरताना सगळ्या पायऱ्या एका मापाच्या असतात, समजा १६५ मिलिमीटर. पुढे फरशीकाम येतं. खाली दिवाणखान्यात आणि वरच्या मजल्यावरही माल (सिमेंट-वाळूचा थर) आणि लादी मिळून ७० मिमी चढतात. जिन्यावर पातळ माल आणि १८ मिमीचं ग्रॅनाइट मिळून जेमतेम ४०. त्यामुळे खालची पायरी ३० मिमीने कमी होऊन १३५ची राहते आणि सगळ्यात वरची ३० मिमीने वाढून १९५ची होते. मधल्या १६५च्याच. एकाच जिन्यात ६० मिमीचा फरक पडला, आणि तो नुसत्या डोळ्यांना दिसत नाही.

पायाला मात्र तो लगेच कळतो. पहिल्या एक-दोन पायऱ्यांत मेंदू उंचीचा अंदाज बांधतो आणि पुढे पाय त्या अंदाजावर पडतात. नजर समोर, हातात कपड्यांची बादली. उतरताना पाऊल पायरीच्या कडेपासून जेमतेम एक-दोन सेंटिमीटरवरून जातं. १६५ खाली जायच्या तयारीने टाकलेला पाय १३५वरच जमिनीला लागला की गुडघा, घोटा दोन्ही बेसावध सापडतात. चढताना वरच्या उंच पायरीला अंगठा अडकतो, तेही याच कारणाने. अमेरिकेतल्या घरबांधणीच्या नियमांत एका जिन्यातल्या सर्वांत उंच आणि सर्वांत बुटक्या पायरीत ३/८ इंचापेक्षा, म्हणजे साडेनऊ मिमीपेक्षा जास्त फरक चालत नाही. आपल्या राष्ट्रीय इमारत संहितेत राहत्या घराच्या जिन्यासाठी उंची जास्तीत जास्त १९० मिमी आणि पाय ठेवायची रुंदी कमीत कमी २५० मिमी दिली आहे. हे माप पाळूनही वर सांगितलेली चूक होते, कारण ती फरशीवाल्याच्या हातून होते आणि तोवर आर्किटेक्टची शेवटची भेट होऊन गेलेली असते.

दुरुस्ती वाटते तितकी अवघड नाही. वरच्या हिशेबात पाय ठेवायच्या सगळ्या फरश्या, मधला चौथरा धरून, ३० मिमीने उचलल्या की खालची पायरी १६५ होते, वरची १६५ होते आणि मधल्या जशाच्या तशा राहतात. म्हणजे आहे त्या दगडावर १२ मिमी टाइल अ‍ॅडहेसिव्ह आणि १८ मिमीचं नवं ग्रॅनाइट. त्याआधी जुना दगड काठीने ठोकून बघा. पोकळ आवाज आला तर तो काढूनच पुढे जा. गुळगुळीत पृष्ठभाग ग्राइंडरने खरवडून घ्या, नाहीतर चिकटा धरत नाही आणि वर्षभरात पायरीच हलायला लागते. नव्या दगडाची कड जुन्या कडेच्या बरोबर वर यायला हवी. रेलिंग ३० मिमीने बुटकं होईल, तेही मोजून ठेवा. तुमच्या जिन्याचे आकडे वेगळे असतील, पण हिशेब हाच.

ज्यांचं बांधकाम चालू आहे त्यांनी एवढंच करावं: घरातल्या फरशीची जाडी आधी ठरवावी आणि तीच जिन्यावर द्यावी, किंवा फरक धरून पहिली आणि शेवटची पायरी सेंटरिंग (काँक्रीट ओतायचा साचा) लावतानाच कमी-जास्त करून घ्यावी. स्लॅब भरायच्या दिवशी हे सांगून उपयोग नाही.

काळं ग्रॅनाइट पावसाळ्यात फार घसरतं. चिकटपट्ट्या लावल्या, तरी धाकटा दीर पडलाच. – रत्नागिरी

पट्टी कुठं लावली आहे? बहुतेक घरांत ती कडेपासून दोन-तीन इंच आत असते, कारण तिथं ती सरळ लावता येते. उतरताना पावलाचा पुढचा भाग टेकतो तो कडेवर, पट्टीवर नाही. शिवाय काळ्या दगडावर पिवळी पट्टी आत लावली की डोळ्याला तीच कड वाटते आणि खरी कड पायाखाली अचानक येते. म्हणजे अशी पट्टी नसलेली बरी. पट्टी अगदी कडेला भिडवून लावा, ५० मिमी रुंद, दगडापेक्षा ठळक वेगळ्या रंगाची, प्रत्येक पायरीला आणि पूर्ण लांबीची. लावण्याआधी दगड साबणाने धुऊन, सुकवून स्पिरिटने पुसा. पट्टी रबरी रोलरने किंवा लाकडी ठोकळ्याने दाबून बसवा आणि एक दिवस पाणी लागू देऊ नका. टोक सुटलं की त्याच दिवशी बदला. उचकटलेली पट्टी पायात अडकते.

कायमचा उपाय म्हणजे कडेजवळ ग्राइंडरने तीन समांतर खाचा, २-३ मिमी खोल. त्याहून खोल गेलं किंवा कडेला फार खेटलं की कडेची कपची उडते. नवं काम असेल तर पायऱ्यांसाठी पॉलिश केलेला दगड घेऊच नका. फ्लेम किंवा लेदर फिनिश, म्हणजे खरखरीत पृष्ठभागाचा दगड मागा.

आणि जिन्याच्या तोंडाशी ठेवलेलं पायपुसणं आजच उचला. वरच्या पायरीजवळचं सुटं पायपुसणं पायाखालून सरकलं की माणूस थेट तळाशी जातो.

वडील ७४ वर्षांचे. रात्री लघवीला उठून खाली येताना पडले, मनगट मोडलं. बीपीची आणि प्रोस्टेटची गोळी चालू आहे, चष्मा बायफोकल. आता त्यांना जिना बंदच करावा का? – पिंपरी

बंद करू नका. जिना सुटला की मांड्यांची ताकद जाते, आणि मग सपाट जमिनीवरही तोल जातो. वडिलांच्या बाबतीत तीन कारणं एकत्र आलेली दिसतात.

पहिलं औषधाचं. टॅम्सुलोसिन, प्राझोसिनसारख्या प्रोस्टेटच्या गोळ्या रक्तदाबही उतरवतात. अंथरुणातून एकदम उठल्यावर डोळ्यांपुढे अंधारी येते आणि त्याच वेळी माणूस जिन्याच्या तोंडाशी पोचलेला असतो. घरी तपासता येतं. पाच मिनिटं आडवं पडल्यावर बीपी मोजा, उभं राहून एका मिनिटाने आणि तिसऱ्या मिनिटाला पुन्हा मोजा. वरचा आकडा २० किंवा खालचा १० ने उतरला तर नोंदलेला कागद घेऊन डॉक्टरांकडे जा. गोळी, मात्रा किंवा वेळ ते बदलतील, तुम्ही आपल्या मनाने बंद करू नका. झोपेच्या आणि सर्दीच्या गोळ्या चालू असतील तर त्याही सांगा. रात्री उठताना पलंगाच्या कडेला पाय सोडून दोन मिनिटं बसायचं आणि घोटे वरखाली हलवायचे.

दुसरं चष्म्याचं. बायफोकलचा खालचा भाग वाचण्यासाठी, साधारण ४० सेंटिमीटरसाठी असतो. उभ्या माणसाच्या डोळ्यांपासून पायरी दीड मीटरच्या आसपास. नजर खाली टाकली की ती वाचायच्या भिंगातून जाते आणि कड पुसट होते. चालण्या-फिरण्यासाठी फक्त लांबच्या नंबरचा वेगळा चष्मा करून घ्या. तो येईपर्यंत जिन्यावर हनुवटी छातीकडे नेऊन वरच्या भिंगातून बघायची सवय लावा.

तिसरं जिन्याचं. वर आणि खाली दोन्हीकडून लागणारा टू-वे स्विच आहे का? बटण जिन्याच्या मध्यावर असेल तर ते असून नसल्यासारखं. कठडा दोन्ही बाजूंना हवा, कारण आता एक हात प्लास्टरमध्ये आहे आणि उतरताना तो बाहेरच्या बाजूला आला तर धरायला काहीच नाही. भिंतीवर गोल पाइप लावा, जाडी दीड इंचाच्या आसपास, मूठ पूर्ण वळेल एवढी. उंची पायरीपासून ९०० ते १००० मिमी. भिंत आणि पाइप यांच्यात ५० मिमी जागा सोडा, नाहीतर बोटं अडकतात. पाइप शेवटच्या पायरीपाशी तोडू नका, पुढे ३०० मिमी न्या. हाताखालचा पाइप संपला की पायाला वाटतं जिनाही संपला, आणि एक पायरी शिल्लक असते. ब्रॅकेटचे स्क्रू प्लास्टर ओलांडून विटेत जायला हवेत. हलक्या एएसी ब्लॉकच्या भिंतीत साधा प्लग धरत नाही, तिथे केमिकल अँकर, म्हणजे रासायनिक चिकट्याने भोकात पक्का बसवायचा बोल्ट मागा. काम झाल्यावर घरातल्या दणकट माणसाने पाइपावर पूर्ण भार टाकून बघावा.

लुंगी किंवा गाऊन जमिनीपासून तीन-चार बोटं वर असू द्या. सैल, झिजलेली स्लीपर टाकून द्या.

नातू दहा महिन्यांचा, वॉकरमध्ये घरभर पळतो. जिन्याला गेट लावलं की पुरे ना? – नागपूर

वॉकर काढून टाका. चाकांमुळे बाळ सेकंदाला मीटरभर जातं, तुम्ही खुर्चीतून उठेपर्यंत ते पायरीवर असतं, आणि वॉकरसकट डोक्यावर पडतं. कॅनडाने २००४ साली वॉकरची विक्रीच बंद केली. वॉकरने बाळ लवकर चालायला लागतं हाही गैरसमजच आहे.

गेट जिन्याच्या वर आणि खाली, दोन्हीकडे हवं. वरचं गेट भिंतीत स्क्रूने बसवलेलंच असावं आणि जिन्यावर उघडणारं नसावं. दाबाने अडकवायचं गेट वर लावू नका, बाळाने रेललं की ते निसटतं. रेलिंगच्या उभ्या सळ्यांत १०० मिमीपेक्षा जास्त फट असेल तर जाळी बांधा. आडव्या पाइपांचं रेलिंग म्हणजे मुलासाठी शिडीच, तिथे आतून अ‍ॅक्रिलिकचा पत्रा लावावा. बाळाला घेऊन उतरताना एक हात कठड्यावर आणि दुसरा बाळाभोवती, तिसरी वस्तू हातात नको.

गुडघ्याचं ऑपरेशन झालं. जिन्यावर कुठला पाय आधी? – सांगली

चढताना चांगला, उतरताना दुखरा. काठी दुखऱ्या पायाबरोबर चालते. कठडा एका हातात, काठी दुसऱ्या हातात, आणि दोन्ही पाय एका पायरीवर आल्याशिवाय पुढची पायरी नाही.

पडलेल्या माणसाला लगेच उठवावं की नाही? आणि डोक्याला मार लागला पण माणूस बोलतोय, तर दवाखाना हवाच का? – कोल्हापूर

हात धरून ओढू नका. आधी आहे तसंच पडू द्या आणि विचारा. मान किंवा पाठीच्या मणक्यात दुखतंय, हातपाय बधिर आहेत, हलवता येत नाहीत, असं म्हणाले तर हलवू नका, १०८ लावा. एक पाय आखूड दिसतोय आणि पंजा बाहेर वळलाय, तर खुब्याचं हाड मोडल्याची खूण समजा. त्या पायावर उभं करून बघू नका. यातलं काही नसेल तर कुशीवर, मग हातांवर-गुडघ्यांवर, मग भक्कम खुर्चीला धरून, असं त्यांचं त्यांना उठू द्या.

घोटा सुजला की एक्स-रे काढावा का, यासाठी डॉक्टर दोन गोष्टी बघतात. घोट्याच्या बाहेरच्या किंवा आतल्या हाडाच्या मागच्या कडेवर वा टोकावर दाबल्यावर दुखतं का, आणि चार पावलं टाकता येतात का. हाडावर दुखत असेल किंवा चार पावलं जमत नसतील, तर एक्स-रे काढाच. तोवर पाय उंच ठेवा आणि फडक्यात गुंडाळलेला बर्फ १५-२० मिनिटं लावा. चोळू नका, गरम तेल लावू नका. हाड मोडलेलं असेल तर चोळल्याने ते जागेवरून सरकतं.

डोक्याचं वेगळं. वॉरफेरिन, क्लोपिडोग्रेलसारखी रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल तर माणूस ठणठणीत बोलत असला तरी त्याच दिवशी दवाखान्यात न्या. गोळी नसेल तरी पुन्हा पुन्हा उलटी, वाढती डोकेदुखी, झोपाळूपणा, असंबद्ध बोलणं, फिट, कानानाकातून पाण्यासारखा स्राव, यातलं एकही दिसलं तर थांबू नका. म्हातारपणी मेंदूभोवती रक्त सावकाश साठतं. पडल्यावर तीन-चार आठवड्यांनी चालणं बदललं, विसर वाढला, एक हात ढिला पडला, तर ‘वय झालं’ म्हणून सोडू नका. डॉक्टरांना त्या पडण्याची तारीख सांगा.

आमच्या जुन्या वाड्याचा जिना उभा आणि अंधारा आहे, धरायला नुसता दोर. शिवाय मुलगा मित्रांबरोबर हरिहर किल्ल्यावर निघालाय, तिथल्या पायऱ्यांबद्दलही सांगा. – नाशिक

दोघांना एकच उत्तर: पायरीवर अर्धंच पाऊल मावत असेल तर तोंड जिन्याकडे करून, शिडीसारखं उतरायचं. दोर बदलून लोखंडी पाइप बसवा. दोर झोल खातो, नेमका भार पडतो तेव्हा. लाकडी पायरीची झिजून गोल झालेली कड सुताराकडून नवी पट्टी जोडून चौकोनी करून घ्या. हरिहरच्या कातळातल्या पायऱ्यांना दोन्ही बाजूंनी हाताच्या खोबण्या आहेत. दोन हात, एक पाय कायम टेकलेले ठेवून एकच पाय हलवायचा. सॅक पाठीला घट्ट, हातात मोबाइल नाही. वरून माणसं उतरत असतील तर चढायला सुरुवात करू नये, पायथ्याशी थांबावं.