इराण कव्हर करायचंय? मग आधी फारसी शीक

अरे, दुभाष्याच्या भरवशावर इराणचं राजकारण कव्हर करणं काही खरं नाही, आधी फारसी शीक. आणि तेहरान म्हणजे अख्खा इराण नव्हे. २०२२ ला हिजाबवरून पोलिसांनी पकडलेली तरुणी महसा अमिनी वारली, त्या वेळी निलुफर हमेदी हॉस्पिटलात पोचली, इलाहे मोहम्मदी थेट महसाच्या गावी, सक्केझला, अंत्यविधीला गेली, दोघी इराणच्याच पेपरांच्या पत्रकार, आणि त्यापायी दोघींनी वर्षाहून जास्त तुरुंगात काढलं, हे कायम लक्षात ठेव. तुझं पत्रकारितेचं परमिट रद्द झालं तर तू बहुतेक विमानात बसशील, पण तुझ्याशी मोकळेपणाने बोललेला माणूस तिथेच राहतो ना, म्हणून त्याचं नाव, गल्ली, नंबर फोनमध्ये ठेवूच नकोस, एडिटरने कितीही तगादा लावला तरी.