वाचक विचारतात : सिंहलीतल्या ‘वल् कता’

प्रश्न : श्रीलंकेतल्या ‘वल् कता’ म्हणजे काय? त्या चोरूनच का वाचल्या जातात?

उत्तर : सिंहलीत रानडुकराला ‘वल् ऊरा’ म्हणतात. तोच हा ‘वल्’. म्हणजे शब्दशः रानकथा, अर्थाने चावट कथा; आपल्याकडच्या पिवळ्या पुस्तकांची भावंडं. पूर्वी हातोहात फिरायच्या, आता मोबाइलवर. लेखकाचं नाव खोटं, नाहीतर नाहीच.

अश्लील प्रकाशनांविरुद्धचा 1927 चा ब्रिटिश कायदा तिथे अजून लागू आहे आणि ‘अश्लील’ म्हणजे काय, हे त्यात सांगितलेलंच नाही. 2019 मध्ये तर भिक्खूंमधल्या समलिंगी संबंधांकडे नुसता निर्देश करणाऱ्या कथेसाठी एका कथाकाराला सुमारे 4 महिने कोठडीत काढावे लागले. तिथे कलम धार्मिक द्वेष पसरवण्याचं लावलं होतं. अशा वातावरणात नाव कोण लावेल?

ही लाज मात्र तितकी जुनी नाही. श्रीलंकेतल्या सिगिरिया या प्राचीन खडकी किल्ल्यावर एक गुळगुळीत ‘आरसेभिंत’ आहे. तिच्यावर हजारेक वर्षांपूर्वीच्या प्रवाशांनी वर खडकावर रंगवलेल्या चित्रांतल्या स्त्रियांवर मोकळेपणी कविता कोरल्या आहेत. पुरातत्त्वज्ञ सेनरत परणवितान यांनी त्यातल्या 685 वाचून 1956 साली छापल्या. सोवळेपणा वाढला तो 19व्या शतकात, मिशनरी शाळा आणि बौद्ध सुधारणेची चळवळ या दोन्हींमुळे. 1898 मध्ये या चळवळीचे पुढारी अनागारिक धर्मपाल यांनी गृहस्थांसाठी वागणुकीचे 200 नियम छापले होते.

प्रश्न : मी सिंहली शिकते आहे. अभ्यासासाठी अशी कथा मराठीत आणताना कुठे चुकेल?

उत्तर : क्रियापदात. पुस्तकी सिंहलीत ‘मम यमि’ (मी जातो), ‘अपि यमु’ (आम्ही जातो). बोलीत दोन्हीकडे ‘यनवा’च. या कथा बोलीत असतात. प्रमाण मराठीत नेल्यात तर त्यांचा जीवच जाईल.

खरी अडचण पुढे आहे. ‘मम गिया’ म्हणजे ‘मी गेलो’ही आणि ‘मी गेले’ही. निवेदक बाई की पुरुष, हे कधी कधी पान उलटेपर्यंत कळत नाही, आणि गंमत त्यातच असते. म्हणून आधी पूर्ण कथा वाचा, इतर पात्रं निवेदकाला ‘अक्का’ म्हणतात की ‘अय्या’ (थोरला भाऊ), तिथे खूण करा. पण ‘अक्का’ दिसली की सख्खी बहीण समजू नका. शेजारणीलाही तसंच हाक मारतात. इथे चुकलात तर शेजारणीची कथा बहिणीची होऊन बसेल.

निवेदकाचं लिंग झाकूनच ठेवायचं असेल, तर मराठीत सकर्मक भूतकाळ कामाला येतो : ‘मी आलो’ऐवजी ‘मी दार उघडलं’, ‘मी दिवा मालवला’.